मागच्या ओळीतले चौघे

1955 साल. तुम्ही मेम्फिसच्या एलिस ऑडिटोरियमच्या विंगेत उभे आहात. स्टेजवर एडी अर्नोल्ड गातोय. कंट्री संगीतातलं हे त्या काळातलं मोठं नाव, पण या प्रवासात पुढे उभ्या असलेल्या माणसाकडे पाहायचं नाही. त्याच्या मागे, जरा बाजूला, एका मायक्रोफोनभोवती चार तरुण दाटीवाटीने उभे आहेत, त्यांच्याकडे पाहा. पाहण्यापेक्षाही ऐका. एकाचा आवाज उंच आणि स्वच्छ, दुसरा त्याच्या जरासा खाली, तिसरा मध्ये, आणि चौथा खर्जात. चार आवाज वेगवेगळे ओळखू येतात आणि तरी मिळून एकच सूर कानावर पडतो. यांचं नाव जॉर्डनेअर्स. मिसुरीतल्या स्प्रिंगफील्डमध्ये 1948 मध्ये हा गट उभा राहिला. त्यानंतर माणसं बदलत गेली. आता पहिला टेनर गॉर्डन स्टोकर आहे, दुसरा टेनर नील मॅथ्यूज, बॅरिटोन हॉइट हॉकिन्स आणि खर्जाला ह्यू जॅरेट. चर्चमधल्या गाण्यावर वाढलेली ही गोरी मुलं कृष्णवर्णीयांची स्पिरिच्युअल्स मनापासून गातात, आणि दक्षिणेतल्या त्या काळात हे सर्रास होत नव्हतं.

कार्यक्रम संपतो. तुमच्या शेजारून एक विशीतला मुलगा आत शिरतो. केसांना भरपूर तेल, बोलणं कमालीचं नम्र. तो चौघांशी हात मिळवतो आणि म्हणतो की कधी मोठ्या कंपनीत रेकॉर्ड करायची संधी मिळाली तर साथीला तुम्हीच हवेत. ही भेट गॉर्डन स्टोकर पुढे आयुष्यभर सांगत राहिला. असं म्हणणारे बरेच भेटत, त्यामुळे त्या वेळी चौघांना त्यात विशेष काही वाटलं नाही.

तुम्हाला मात्र या मुलाबद्दल एक गोष्ट माहीत असायला हवी. याच ऑडिटोरियममध्ये रात्र रात्र चालणाऱ्या गॉस्पेल, म्हणजे ख्रिस्ती भक्तिगीतांच्या बैठकांना तो येऊन बसायचा. ब्लॅकवुड ब्रदर्स हा चौघांचा गट त्याचं दैवत. त्या गटाच्या धाकट्या पातीचा साँगफेलोज नावाचा एक चमू होता. त्यात घ्या म्हणून हा मुलगा गेला आणि त्याला घेतलं नाही. एल्व्हिस प्रिस्लीला पुढे येऊन एकट्याने गायचं नव्हतं, चौघांच्या ओळीत उभं राहायचं होतं. हे लक्षात ठेवलंत की पुढची पंधरा वर्षं सिनेमा आणि दूरचित्रवाणीच्या पडद्यावर जे घडत गेलं त्याचा उलगडा होतो.

वर्षअखेरीस आरसीए कंपनीने त्याला करारबद्ध केलं. जानेवारी 1956 मध्ये नॅशव्हिलला पहिलं ध्वनिमुद्रण झालं तेव्हा कंपनीने जॉर्डनेअर्सपैकी एकट्या गॉर्डनला बोलावलं आणि जोडीला गॉस्पेल गाणाऱ्या स्पिअर कुटुंबातले दोघे भाऊ दिले. एल्व्हिसला ते रुचलं नाही. पुढच्या खेपेला सगळे हवेत, असं त्याने गॉर्डनला सांगून ठेवलं.

आता न्यूयॉर्क. 1 जुलै 1956, रविवार. हडसन थिएटरमधून स्टीव्ह ॲलनचा कार्यक्रम थेट प्रक्षेपित होतोय. एल्व्हिसला शेपटीचा काळा कोट आणि पांढरा बो घालून उभं केलंय. समोर एका चौथऱ्यावर लोंबत्या कानांचा कुत्रा बसवलाय आणि त्याच्याकडे बघून 'हाउंड डॉग' गायचंय. कमरेखाली अंग हलवू नको, अशी सक्त ताकीद आहे. प्रेक्षक हसतायत. तुम्हाला मात्र त्याच्या चेहऱ्यावरचा अवघडलेपणा दिसतो. साथीला आता जॉर्डनेअर्स आहेत. ज्या मुलाची सगळ्या देशासमोर थट्टा चालली आहे, त्याच्या मागे ते आपला सूर धरून उभे आहेत.

दुसऱ्या दिवशी आरसीएच्या स्टुडिओबाहेर चाहते फलक घेऊन उभे आहेत. त्यांना खरा एल्व्हिस परत हवाय. तुम्ही आत जा. 'हाउंड डॉग'चे टेकवर टेक चालले आहेत, एकूण एकतीस. तेव्हा एकेकाचा आवाज वेगळ्या ट्रॅकवर घेऊन नंतर जोडायची सोय या स्टुडिओत नाही. गायक, गिटार, ड्रम आणि हे चौघे सगळे एकाच खोलीत एकाच वेळी गातात, वाजवतात. एकाचं चुकलं की सगळ्यांनी पहिल्यापासून सुरुवात करायची. नंतर 'डोन्ट बी क्रूएल' सुरू होतं, आणि इथे तुमच्या लक्षात येतं की चौघे काय करतात ते. एल्व्हिसच्या ओळीच्या शेवटी जी रिकामी जागा उरते तिथे ते हलकेच शिरतात, ठेका भरतात आणि तो परत यायच्या आत बाजूला होतात. पोवाड्यात शाहिराच्या मागे झीलकरी असतात, तशी ही माणसं आहेत. त्यांना गाण्यातून वगळलं तर शाहीर उघडा पडेल.

यानंतरच्या कित्येक रेकॉर्डच्या लेबलवर एल्व्हिसच्या नावाखाली जॉर्डनेअर्सचंही नाव छापलेलं दिसतं. साथ करणाऱ्या गायकांची नावं छापण्याची तेव्हा रीत नव्हती.

सिनेमाने मात्र सुरुवातीलाच त्यांना दाराबाहेर ठेवलं. 1956 च्या ऑगस्टमध्ये एल्व्हिसचा पहिला चित्रपट 'लव्ह मी टेंडर' सुरू झाला तेव्हा ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सने त्याच्या नेहमीच्या साथीदारांपैकी कुणालाच घेतलं नाही. केन डार्बीच्या तिघांनी साथ केली. पडद्यावर गाताना एल्व्हिस तिथे पाहुण्यासारखा वाटतो. माझ्या मते तो अभिनयात कमी पडला असं नाही, त्याच्या आजूबाजूला त्याची माणसं नव्हती.

6 जानेवारी 1957. पुन्हा रविवार, पुन्हा न्यूयॉर्क. बाहेर हिवाळा, आत दिव्यांची धग. सीबीएसच्या स्टुडिओत एड सलिव्हनच्या कार्यक्रमात एल्व्हिस तिसऱ्यांदा आणि शेवटचा येतोय. सप्टेंबरमध्ये तो पहिल्यांदा आला तेव्हा सुमारे सहा कोटी लोकांनी पाहिलं होतं. तेव्हापासून त्याच्या नाचण्याबद्दल वर्तमानपत्रांत, चर्चमध्ये, शाळांमध्ये ओरड चालू आहे. आज कॅमेऱ्याला हुकूम आहे की त्याला कमरेच्या वरच दाखवायचं. तुम्ही कॅमेऱ्याच्या मागे उभे असल्यामुळे तुम्हाला पूर्ण माणूस दिसतो, सोनेरी जाकीट आणि खालचे थरथरणारे पायसुद्धा. घराघरांतल्या पडद्यावर मात्र अर्धाच एल्व्हिस पोहोचतोय.

पण या बंधनाचा एक परिणाम असा झाला की कॅमेऱ्याला खाली जाता येत नाही, म्हणून चौकटीत चेहरेच चेहरे येतात. आणि त्या चेहऱ्यांत जॉर्डनेअर्सचे चौघे ठळक दिसतात. एकामागून एक गाणी होतात. 'डोन्ट बी क्रूएल'मध्ये ते टाळ्या देत, डोलत एल्व्हिसच्या अगदी जवळ सरकतात. किंकाळ्या इतक्या आहेत की एकमेकांचा आवाज त्यांना कितपत ऐकू येत असेल देव जाणे. तरी सूर ढळत नाही. वर्षानुवर्षं सोबत गायलेली माणसं एकमेकांच्या श्वासावरून पुढची जागा ओळखतात.

मग सलिव्हन पुढे येतो. नोव्हेंबरमध्ये सोव्हिएत रणगाड्यांनी हंगेरीतला उठाव चिरडला आहे, लाखो निर्वासित सीमा ओलांडतायत. त्यांच्या मदतीसाठी एल्व्हिस आवाहन करतोय, असं तो सांगतो. आता एल्व्हिस 'पीस इन द व्हॅली' गाणार.

हे गाणं शिकागोच्या थॉमस डॉर्सीने 1937 मध्ये महालिया जॅक्सनसाठी लिहिलं. डॉर्सी पूर्वी ब्लूज गायचा, वाजवायचा. पुढे तो कृष्णवर्णीयांच्या गॉस्पेल संगीताचा जनकच ठरला. त्याचं गाणं आज अमेरिकेतल्या सर्वांत लोकप्रिय करमणुकीच्या कार्यक्रमात, ज्याच्या नावाने चर्चमधून बोटं मोडली जातायत अशा गोऱ्या मुलाच्या तोंडी आहे. स्टुडिओतला गलका ओसरतो. एल्व्हिसचे डोळे अर्धे मिटलेले. चौघे त्याच्या मागे उभे राहून शब्दांशिवाय सूर धरतात, मग शब्दांत येतात. ह्यू जॅरेटचा खर्ज खाली जमिनीसारखा पसरतो आणि त्यावर एल्व्हिस पहिल्यांदा स्वस्थ उभा राहतो. आज रात्री त्याला स्थिर राहायला सांगावं लागत नाही. इतका वेळ तो गर्दीसाठी गात होता. हे गाणं त्याच्या आईचं आवडतं आहे, आणि ज्या ओळीत त्याला लहानपणापासून उभं राहायचं होतं त्या ओळीत उभा राहून तो ते गातोय. दूरचित्रवाणीने एल्व्हिसला दिलेला हा सर्वांत खरा क्षण, असं मी बिनदिक्कत म्हणेन. कार्यक्रमाच्या शेवटी सलिव्हन सगळ्या देशाला सांगतो की हा मुलगा सभ्य आहे, चांगला आहे. त्याचं मत बदलण्यात या गाण्याचा वाटा किती, हे मोजता येणार नाही, पण मला तो मोठा वाटतो.

आठवडा उलटायच्या आत तुम्ही हॉलिवूडमध्ये. सांता मोनिका बुलेव्हारवरचा रेडिओ रेकॉर्डर्स हा स्टुडिओ. इथे 'पीस इन द व्हॅली' रेकॉर्डसाठी मुद्रित होतं आणि लगोलग पॅरामाउंटच्या 'लव्हिंग यू' चित्रपटाचं काम सुरू होतं. या वेळी एल्व्हिसची माणसं त्याच्याबरोबर आहेत. गिटारवर स्कॉटी मूर, बेसवर बिल ब्लॅक, ड्रमवर डी. जे. फॉन्टाना, आणि आपले चौघे. ते नुसते आवाजातच नाहीत, पडद्यावरही दिसतात, तेही रंगीत. हिंदी-मराठी चित्रपट पाहत वाढलेल्या तुम्हाला इथली पद्धत नवी नाही. गाणं आधी मुद्रित होतं, मग सेटवर ते मोठ्या आवाजात वाजवून त्याबरहुकूम ओठ हलवायचे. पण चर्चमध्ये वाढलेल्या या चौघांना आपल्याच आवाजाबरोबर मुकं गाणं किती परकं वाटलं असेल, याचा विचार करा. श्वास कुठे घेतला होता तिथेच पुन्हा घ्यायचा, तोंड तेवढंच उघडायचं, आणि दहा वेळा केलं तरी पहिल्यांदाच गातोय असं दिसायचं. शेवटच्या गाण्यात समोरच्या प्रेक्षकांत एल्व्हिसचे आईवडील बसलेले आहेत. ते तिथे खरोखरच पाहुणे म्हणून आले होते.

एप्रिल सरतासरता एमजीएमच्या 'जेलहाउस रॉक'चं मुद्रण लागतं. एल्व्हिस येतो आणि थेट पियानोकडे जातो. चौघे भोवती गोळा होतात. एक गॉस्पेल गाणं, मग दुसरं, मग तिसरं. चित्रपटाचं काम कुठेच नाही. घड्याळ चाललंय, स्टुडिओचं भाडं चढतंय, काचेपलीकडची मंडळी अस्वस्थ झाली आहेत. शेवटी वरच्यांपैकी कुणीतरी जॉर्डनेअर्सनाच गाठून सांगतं की तो गायला लागला तरी तुम्ही साथ देऊ नका, वेळ वाया जातोय. एल्व्हिस पुढचं गाणं सुरू करतो आणि मागून सूर येत नाही. तो थांबतो, विचारतो. कारण कळल्यावर तो कुणावर ओरडत नाही. जॅकेट उचलतो आणि निघून जातो. त्या दिवसाचं काम तिथेच संपतं.

तुम्ही रिकाम्या स्टुडिओत उभे राहून विचार करा. पैशाच्या हिशेबात वरच्या माणसाचं चुकलं नव्हतं. पण त्या गाण्यांत वेळ वाया जात नव्हता, गळा तापत होता, मन जागेवर येत होतं, पाच आवाज पुन्हा एकमेकांना ओळखत होते. दुसऱ्या खेपेला एल्व्हिस परतला तेव्हा जॉर्डनेअर्स त्याच्यासोबत हवं तेवढं गायले. चित्रपट नोव्हेंबरमध्ये आला आणि तुरुंगातलं ते नृत्य जगभर गाजलं. त्या नृत्यात तुम्ही चौघांना शोधू नका, तिथे कैद्यांच्या वेषातले नर्तक आहेत. त्यांना ऐकायचं असेल तर 'ट्रीट मी नाइस' ऐका.

मधली वर्षं भरभर जाऊ देत. 1958 च्या मार्चमध्ये एल्व्हिस लष्करात जातो, ऑगस्टमध्ये त्याची आई वारते. ह्यू जॅरेट गट सोडतो आणि त्याच्या जागी रे वॉकर येतो, त्याचा खर्ज आणखी खोल. जॉर्डनेअर्स हातावर हात ठेवून बसत नाहीत. रिकी नेल्सन हा दूरचित्रवाणीवर आपल्या खऱ्या आईवडिलांबरोबर एका कौटुंबिक मालिकेत काम करणारा मुलगा. मालिकेच्या भागाअखेरीस तो गातो आणि देशभरच्या मुली वेड्या होतात. त्याच्या 'पुअर लिटल फूल'वर साथ यांचीच आहे. बिलबोर्डची हॉट 100 यादी ऑगस्ट 1958 मध्ये सुरू झाली तेव्हा पहिल्या क्रमांकावर हेच गाणं होतं.

26 मार्च 1960, मायामी बीच, फाँतेनब्लो हॉटेल. लष्करातून सुटून एल्व्हिसला महिनाही झालेला नाही. फ्रँक सिनात्राने आपल्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात त्याच्या स्वागताचा घाट घातलाय. सभागृहात झगमगाट, उंची कपडे, सिनात्राची मित्रमंडळी. इथलं संगीत वेगळं, इथला रुबाब वेगळा. टक्सिडोतला एल्व्हिस पुढे येतो आणि त्याच्या मागे ओळखीचे चेहरे येऊन उभे राहतात. 'फेम अँड फॉर्च्यून' आणि 'स्टक ऑन यू' होतात. सिनात्राच्या घरात जाताना त्याने आपलं घर सोबत आणलंय. हा कार्यक्रम मे महिन्यात एबीसीवरून दाखवला गेला.

पुढच्या वर्षी तुम्ही 'ब्लू हवाई' पाहताय. नायिकेच्या आजीचा वाढदिवस, हिरवळ, आणि एल्व्हिस आजीला संगीत वाजणारी एक पेटी भेट देतो. पेटीच्या नाजूक सुरांवर तो 'कान्ट हेल्प फॉलिंग इन लव्ह' गाऊ लागतो. तुम्ही हिरवळीवर इकडेतिकडे पाहा, चौघे गाणारे कुठेच नाहीत. पण त्याच्या आवाजाखाली तो मऊ, पुरुषी, चर्चमधून आलेला सूर उमटतोच. पडद्यावरच्या कुणालाही तो ऐकू येत नाही, प्रेक्षागारातल्या सगळ्यांना येतो. मी हे गाणं जितक्या वेळा ऐकते तितक्या वेळा मला वाटतं की या एका दृश्यात जॉर्डनेअर्सचं चित्रपटातलं सगळं काम आलं आहे. या चित्रपटाचा अल्बम वीस आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिला.

त्यानंतरचे एल्व्हिसचे चित्रपट म्हणजे कारखाना झाला. आधीचे धरून एकूण तीस-एकतीस चित्रपट, बहुतेकांत तीच समुद्रकिनाऱ्याची किंवा शर्यतीची गोष्ट, आणि पुष्कळ गाणी सुमार. हे लपवण्यात अर्थ नाही. पण त्या सुमार गाण्यांतही चौघांनी कधी हात आखडता घेतला नाही. स्टुडिओत पाठ टेकून बसलेला, कंटाळलेला एल्व्हिस गॉस्पेल सुरू झालं की उठायचा, हे त्यांच्याइतकं कुणी जवळून पाहिलेलं नाही. 1966 मध्ये 'हाऊ ग्रेट दाऊ आर्ट'साठी तो नॅशव्हिलला आला तेव्हा जोडीला इम्पीरियल्स हा दुसरा गॉस्पेल गटही होता, आणि एल्व्हिसला आयुष्यातलं पहिलं ग्रॅमी मिळालं ते या गॉस्पेल अल्बमसाठी.

नॅशव्हिलला जॉर्डनेअर्सच्या रोजच्या कामावरही एकदा जाऊन या. दिवसाला तीन-चार ध्वनिमुद्रणं, दर खेपेला नवा गायक, नवी गाणी, आणि स्वरलेखन करायला वेळ नाही. नील मॅथ्यूजने यावर तोडगा काढला. कॉर्डची नावं लिहिण्याऐवजी तो आकडे लिहू लागला. एक, चार, पाच. गायकाने ऐनवेळी पट्टी बदलली तरी आकडे तेच राहतात. बाकीच्या वादकांनी ही पद्धत उचलली आणि आज ती नॅशव्हिलच्या नावाने सगळीकडे शिकवली जाते. गायिका पॅट्सी क्लाइनला सुरुवातीला हे चार पुरुष आपला आवाज झाकून टाकतील अशी भीती वाटली होती. तिचं 'क्रेझी' ऐका. तिचा आवाज त्यांच्यामुळे अधिक उठून दिसतो.

1969 मध्ये एल्व्हिसने जॉर्डनेअर्सना लास व्हेगासला बोलावलं तेव्हा त्यांनी नकार दिला. नॅशव्हिलमधलं रोजचं काम सोडून जाणं परवडणारं नव्हतं. त्यांच्या जागी इम्पीरियल्स गेले. यात रुसवाफुगवा नव्हता. चार माणसांना घरं चालवायची होती.

जॉर्डनेअर्स गात राहिले. 2000 साली नील मॅथ्यूज गेला. 2001 मध्ये गटाचा कंट्री म्युझिक हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला. 2003 मध्ये त्यांना ग्रॅमी मिळालं ते जेम्स ब्लॅकवुड यांना वाहिलेल्या गॉस्पेल अल्बमसाठी, म्हणजे ज्यांच्या गटाचं गाणं ऐकत एल्व्हिस मोठा झाला त्यांच्यासाठी. 27 मार्च 2013 रोजी गॉर्डन स्टोकर टेनेसीमधल्या आपल्या घरी वारला, आणि त्याच वर्षी जॉर्डनेअर्सनी गाणं थांबवलं.